'डेरिक' या जर्मन गुन्हेकथा टीव्ही मालिकेचे सगळे भाग खरंच एकाच माणसाने लिहिले का?

हो, सगळेच्या सगळे २८१! १९७४ ते १९९८, लेखक एकच: हर्बर्ट राइनेकर. त्याआधीच्या 'डेअर कोमिसार'चे ९७ भागही त्यांचेच. आपल्याकडे एका मालिकेला लेखकांची फौज लागते, म्हणून हे पचायला जड जातं. 'डेरिक'च्या सुरुवातीच्या भागांत खुनी कोण हे प्रेक्षकाला आधीच दिसायचं; राइनेकरांना रस 'कोणी केलं' यापेक्षा 'का केलं' यात.

चित्रपटही बरेच लिहिले. 'कानारिस'च्या पटकथेला जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला. इंग्रज रहस्यकथाकार एडगर वॉलेसच्या कथांवरच्या काही रहस्यपटांवर मात्र नाव झळकतं 'आलेक्स बेर्ग', तेही हेच.

आणि हो, नाझी काळात ते हिटलर युथ या नाझी युवक संघटनेच्या नियतकालिकांत काम करायचे, युद्धात वाफेन-एसएसचे (नाझींच्या एसएस संघटनेची सशस्त्र शाखा) वार्ताहर होते. कौतुकाच्या भरात हे गाळलं जातं.