तेरडा निळा की गुलाबी?

प्रश्न : साताऱ्याजवळ आमचं गाव. गेल्या सप्टेंबरात नऊ वर्षांच्या लेकीला घेऊन कासला गेलो. तेरडा बघून बोलून गेलो, "किती निळाशार!" ती म्हणाली, "पप्पा, गुलाबी आहे ओ." मला जन्मापासून लाल-हिरव्यातलं नीट कळत नाही. त्यापायीच भरतीत मेडिकलला बाद झालो. बायकोशिवाय कुणाला ठाऊक नाही. 'गंमत केली' म्हणत वेळ मारून नेली, पण पोरगी सारखी विचारते, "खरा रंग कुठला?"

उत्तर : दादा, ती 'गंमत' आधी मागे घ्या. पप्पा काहीतरी लपवतात याचा तिला वास लागलाय, म्हणून तर ती तेच तेच विचारते.

तिला जॉन डाल्टन यांची गोष्ट सांगा. अणूचा सिद्धांत मांडणारे हे इंग्रज शास्त्रज्ञ. जिरेनियमचं गुलाबी फूल त्यांना दिवसा आभाळासारखं निळं दिसायचं आणि मेणबत्तीच्या उजेडात लाल. तुमचा तेरडाच की हा! १७९४ मध्ये त्यांनी हे आपणहून चारचौघांत वाचून दाखवलं. डोळ्यातलं पाणीच निळं असावं, असा त्यांचा तर्क. मेल्यावर डोळे तपासा, असं सांगून ठेवलेलं. १८४४ मध्ये ते गेले, डोळा उघडला, तर पाणी नितळ. जपून ठेवलेल्या त्या डोळ्याचा डीएनए १९९५ मध्ये तपासला, तेव्हा कळलं की हिरव्यासाठीचं जनुकच नव्हतं. त्यांना दिसलं ते खरं होतं, लावलेलं कारण चुकलं होतं.

आता 'खरा रंग'. फुलावरून येणारा उजेड तुम्हा दोघांच्या डोळ्यांत एकच शिरतो. तो टिपायला तिच्याकडे तीन तऱ्हेच्या शंकुपेशी आहेत. तुमच्यातली एक तऱ्हा नाही किंवा नीट चालत नाही. रंग त्यापुढे मेंदूत तयार होतो. मात्र 'ज्याचं त्याचं खरं' म्हणून सुटू नका. लाल सिग्नलला सगळ्यांनाच थांबावं लागतं, आणि तुम्ही तो वरच्या दिव्यावरून ओळखत असणार. पुढच्या वेळी गाडी थांबली की ते तिला दाखवा.

तिच्या नजरेतून उतराल ही भीती मला कळते. भरतीचा तो दिवस अजून सलतोय ना? पण हे तिला कळायलाच हवं. हा दोष बाप लेकीच्या हाती देतो. तिला स्वतःला बहुधा त्रास नसतो, पण पुढे तिच्या मुलात तो उतरू शकतो. तेव्हा त्या पोराला कुणी 'गंमत करू नको' म्हणून दटावू नये.

यंदा कासला गेलात की तेरड्यापाशी बसा आणि तुम्हीच विचारा, "हा कुठला गं?"

— ताई