भावाच्या संशयास्पद मृत्यूचा तपास नऊ महिने रखडला आहे. थेट हायकोर्टात जाऊन सीबीआय मागावी का?

तुम्ही लिहिले आहे की भावाचा मृतदेह शेतातल्या विहिरीत सापडला, डोक्याला मागे जखम होती आणि नऊ महिने पोलीस ‘तपास चालू आहे’ एवढेच सांगतात. मी तालुक्याच्या कोर्टात फौजदारी वकिली करतो. कोर्ट यात नक्की लक्ष घालू शकते, पण सीबीआयची मागणी आत्ताच करू नका.

आधी ठाण्यात जाऊन एवढे विचारा: एफआयआर झाला आहे की नुसती एडी, म्हणजे अकस्मात मृत्यूची नोंद? माझ्यासमोर येणाऱ्या बहुतेक अशा प्रकरणांत तपास सुरूच झालेला नसतो. ही नोंद, विदर्भात जिला मर्ग म्हणतात ती, झाली की मृत्यू वरकरणी कशाने झाला एवढेच पाहायचे असते. कोणी मारले, का मारले हा शोध गुन्हा दाखल झाल्यावरचा. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 90 दिवसांत तपासाची प्रगती कळवायचे बंधन आहे, तेही फिर्यादीला किंवा पीडिताला. एफआयआरच नसेल तर तुम्ही त्या कलमात कुठेच बसत नाही.

सकीरी वासू यांचे प्रकरण मी प्रत्येक नातेवाइकाला सांगतो. त्यांचा मुलगा लष्करात मेजर होता. ऑगस्ट 2003 मध्ये मथुरा रेल्वे स्थानकावर त्याचा मृतदेह सापडला. लष्कराने आत्महत्या म्हटले, वडिलांना खून वाटत होता आणि त्यांनी सीबीआय मागितली. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2007 मध्ये ती नाकारली. पण त्याच निकालात सांगितले की गुन्हा नोंदवायला लावणे आणि तपास नीट होतो की नाही हे पाहणे मॅजिस्ट्रेटच्या अधिकारात आहे, त्यामुळे आधी तिकडे जा. त्या बापाच्या पदरात काही पडले नाही, याचे मला आजही वाईट वाटते. आपण मात्र त्याच निकालाच्या आधारावर उभे राहतो.

म्हणून क्रम असा. ठाण्यात लेखी तक्रार, शिक्क्याची पोच घेऊन. दखल घेतली नाही तर त्याच संहितेच्या कलम 173(4) खाली एसपींना (जिल्हा पोलीस अधीक्षकांना) अर्ज, तोही पोचेसह. मग जेएमएफसी, म्हणजे प्रथम वर्ग मॅजिस्ट्रेटच्या कोर्टात, गुन्हा नोंदवून तपासाचा आदेश मागणारा कलम 175(3) चा अर्ज. त्याला अ‍ॅफिडेव्हिट (शपथपत्र) जोडावेच लागते आणि एसपींकडे गेल्याचा पुरावा नसेल तर अर्ज तिथेच अडतो. नऊ महिने तोंडी फेऱ्या मारलेल्या माणसाच्या हातात दाखवायला कागद नसतो, हे मी फार वेळा पाहिले आहे.

हायकोर्ट थेट हस्तक्षेप करतेच, पण हातात ठोस काही असेल तेव्हा. परभणीत डिसेंबर 2024 मध्ये न्यायालयीन कोठडीत विधीच्या एका विद्यार्थ्याचा मृत्यू झाला. शवविच्छेदनात अनेक जखमांमुळे बसलेला धक्का असे कारण आले होते. आईच्या याचिकेवर औरंगाबाद खंडपीठाने जुलै 2025 मध्ये गुन्हा नोंदवायचा आदेश दिला आणि सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले तरी तो टिकला. आईच्या बाजूने तो वैद्यकीय कागद होता.

आणि सीबीआय म्हणजे सगळे सुटले असे नाही. डॉ. दाभोलकरांच्या खुनाचा तपास हायकोर्टाने 2014 मध्ये सीबीआयकडे दिला, पुढे कित्येक वर्षे देखरेख ठेवली. मे 2024 मध्ये गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप झाली, तिघे सुटले.

तुमच्या बाबतीत मला खरी काळजी पुराव्याची आहे. पीएम (शवविच्छेदन) रिपोर्ट आणि मरणोत्तर पंचनाम्याची प्रत मागा. डोक्यावरची जखम मृत्यूपूर्वीची की नंतरची, हे त्यात लिहिलेले असायला हवे. व्हिसेरा, म्हणजे तपासणीसाठी काढलेले आतल्या अवयवांचे नमुने, राखून ठेवला होता का, सीए (रासायनिक विश्लेषकाचा) रिपोर्ट आला का, हाडाचा नमुना घेऊन डायटम, म्हणजे पाण्यातल्या सूक्ष्म शेवाळाची, चाचणी केली का? पाण्यात पडला तेव्हा माणूस जिवंत होता का, याचा अंदाज त्या चाचणीतून येऊ शकतो. रस्त्यावरच्या दुकानांचे सीसीटीव्ही आता बहुधा पुसले गेले असेल. मोबाइल कंपन्यांना कॉलच्या नोंदी मात्र किमान दोन वर्षे ठेवाव्या लागतात, त्यामुळे भावाच्या नंबरच्या नोंदी जतन करण्याची मागणी एसपींच्या अर्जातच घाला. तो अर्ज याच आठवड्यात द्या. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे मोफत वकील मिळतो का ते विचारा.