विजू खोटे: कालियाच्या पलीकडे काय?

‘शोले’तला कालिया करणारे विजू खोटे, त्यांनी पुढे काही केलं का, असं विचारलंय. अहो केलं की, भरपूर! १९७५ च्या त्या पिक्चरमध्ये त्यांचं काम खरंतर काही मिनिटांचं, पण गब्बर कालियासकट आपल्या तीन साथीदारांवर पिस्तूल झाडतो, चेंबर रिकामं निघतं, तिघंही वाचतात, आधी तोंडावर भीती, मग सगळ्यांसोबत खदाखदा हसणं आणि तेवढ्यात गोळी, हे जे त्यांनी चेहऱ्याने केलंय ना ते पुन्हा एकदा नीट बघा, डायलॉगपेक्षा भारी आहे.

घर नटांचंच, वडील नंदू खोटे, बहीण शुभा खोटे आणि अभिनेत्री दुर्गाबाई खोटे नात्याने काकू. १९९४ ला ‘अंदाज अपना अपना’मधला रॉबर्ट, त्याआधी टीव्हीवर ‘जबान संभालके’मध्ये हिंदी शिकायला आलेला मराठी माणूस विठ्ठल बापूराव पोटे (यांचं खरं नाव विठ्ठल बापूराव खोटे, म्हणजे एका अक्षराचा फरक फक्त!). मराठीत ‘अशी ही बनवाबनवी’ आहेच, शिवाय नाटकं वेगळी. हिंदी-मराठी मिळून तीनशेच्या वर सिनेमे. लीड रोल नाही मिळाले, पण मला विचाराल तर त्यांचा रॉबर्ट कालियापेक्षा सरस. ३० सप्टेंबर २०१९ ला मुंबईत गेले, ७७ वर्षांचे होते.