पोट फुगलंय, चटका देऊ का?

पावसाळा लागला की धारणी-चिखलदऱ्याकडून तेच ते प्रश्न पुन्हा यायला लागतात. मेळघाटातल्या सरकारी दवाखान्यात मी बरीच वर्षं काढली, त्या अनुभवावरून उत्तरं देतोय. पण लेकरू समोर बघितल्याशिवाय कुठल्याच डॉक्टरचं उत्तर पुरं नसतं, हे धरून चाला.

प्रश्न : सरकारी दवाखान्यात बाळंतपणाला किती खर्च येतो? गावात कुणी पाच हजार सांगतं, कुणी दहा.
उत्तर : एक रुपयाही नाही. सिझेरियन, औषधं, रक्त, जेवण, जाण्या-येण्याची गाडी, सगळं मोफत आहे. कुणी पैसे मागितले तर तालुका आरोग्य अधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार द्या.

प्रश्न : दोन वर्षांची मुलगी फार वाळली आहे. आठवडी बाजारात ताकदीची पावडर मिळते, देऊ का?
उत्तर : नका देऊ. त्या डब्यात काय आहे ते विकणाऱ्यालाही ठाऊक नसतं. तेवढ्या पैशात घरात अंडी येतील. थैली घेऊन गावोगाव फिरणाऱ्याकडून सलाईनही लावू नका. उद्या सकाळी अंगणवाडीत नेऊन दंडाचा घेर मोजून घ्या. तो 11.5 सेंटिमीटरपेक्षा कमी भरला तर हे तीव्र कुपोषण आहे आणि तिला डॉक्टरांना दाखवावंच लागेल.

प्रश्न : नातू 20 दिवसांचा आहे. पोट फुगलंय, निळ्या शिरा दिसतात. घरचे म्हणतात भुमक्याकडून, म्हणजे गावच्या मांत्रिक-वैदूकडून, डंबा देऊ, म्हणजे तापवलेल्या विळ्याचे पोटावर चटके. माझ्या मुलालाही दिला होता, तो ठणठणीत आहे.
उत्तर : आजी, देऊ नका. आधी आशाताईला निरोप धाडा, मग पुढचं वाचा.
तान्ह्याची कातडी पातळ असते, शिरा दिसणारच. दुधासोबत हवा गिळली जाते, पोट फुगतं, ढेकर निघाली की उतरतं. तुमच्या मुलाचं बहुधा तेच झालं असेल आणि नाव डंब्याचं झालं. पण कधीकधी असं पोट न्यूमोनियाचं, रक्तात गेलेल्या जंतूंचं नाहीतर आतडं अडकल्याचं लक्षण असतं. तापवलेल्या विळ्यानं यातलं काहीही बरं होत नाही. उलट फोड फुटून तिथून जंतू शिरतात, धनुर्वाताची भीती असते, आणि उपचाराचे दिवस हातचे जातात.
एका आषाढात रात्री दोनला एक बाप सव्वा महिन्याचं लेकरू लुगड्यात गुंडाळून माझ्याकडे आला. पोटावर बेंबीच्या दोन्ही बाजूंना चटक्यांच्या रांगा, काही ओल्या. श्वास मोजला, मिनिटाला 78. न्यूमोनिया होता. दोन दिवस आधी आणलं असतं तर वाचलं असतं, पहाटे गेलं. मी बापावर ओरडलो. तो खाली बघून म्हणाला, "साहेब, नर्सबाईच्या खोलीला कुलूप होतं. भुमका घरीच होता."
लेकरू दूध ओढेनासं झालं, अंग गार पडलं किंवा तापलं, श्वास घेताना छातीखाली खळगा पडू लागला, मिनिटाला श्वास 60 किंवा जास्त झाले, हिरवी उलटी झाली, यातलं एकही दिसलं तर लगेच 108 ला फोन करा. सकाळची वाट बघू नका.

प्रश्न : शासन एवढ्या योजना देतं, आदिवासीच दवाखान्यात येत नाहीत. भुमक्यांना तुरुंगात टाका. (एक शिक्षक, अमरावती)
उत्तर : चटके देणाऱ्यांवर 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याखाली गुन्हे दाखल झाले आहेत. शिक्षा 6 महिन्यांपासून 7 वर्षांपर्यंत आहे, आणि कायदा लागू व्हायलाच हवा. पण गुरुजी, त्या कुलपाचा गुन्हा कुणावर दाखल करायचा? अनुसूचित जमातींचं हित विशेष काळजीनं जपावं, हे राज्यघटनेच्या कलम 46 नं शासनाला सांगितलं आहे. गरोदर बायांना आणि लेकरांना पोषक आहार देणारी अमृत आहार योजना कागदावर दिली की ती काळजी संपत नाही. उपकेंद्रात नर्स राहायला हवी, इथल्या आदिवासींची कोरकू भाषा बोलणारं माणूस हवं, पुलावरून पाणी जायच्या आत दिवस भरलेल्या बाया दवाखान्याजवळ आणून ठेवायला हव्यात. भुमक्याला समजावून सोबत घेतलं तर तोच रोगी पाठवतो, हे मी पाहिलं आहे. तुम्ही गावात शिकवता ना? मग नर्सच्या रिकाम्या पदाचा ठराव ग्रामसभेत मांडायला लावा आणि त्याची प्रत आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयात देऊन पोच घ्या.

प्रश्न : काकूला डाकीण ठरवून गावानं पाणी बंद केलंय. काय करू?
उत्तर : पोलीस ठाण्यात आजच तक्रार द्या. जादूटोण्याच्या कायद्याबरोबर 2016 चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदाही सांगा. तालुका विधी सेवा समितीत आदिवासींना आणि महिलांना वकील मोफत मिळतो, त्याचा सल्ला घ्या. गावच्या बैठकीत मिटवायला जाऊ नका.

प्रश्न : साप चावल्यावर अर्धा तास मांत्रिकाला दिला तर चालतं का?
उत्तर : पाच मिनिटंही नाही. चिरू नका, आवळून बांधू नका, हातपाय हलू देऊ नका. सापाचं औषध आहे का ते फोनवर विचारून थेट त्याच दवाखान्यात न्या.