ध्वनिकंपने नोंदवून त्यांचा अर्थ लावणारे एखादे काल्पनिक शास्त्र असेल, तर ते भौतिकशास्त्राहून वेगळे कसे ठरेल?

आपण कल्पिलेल्या या शास्त्राला मी 'कंपनलेखविद्या' म्हणेन आणि त्याची जागा भौतिकशास्त्रापेक्षा पुरालेखविद्या (जुने लेख वाचण्याची विद्या) व पाठचिकित्सा (ग्रंथाच्या प्रती ताडून मूळ पाठ ठरवण्याची पद्धत) यांच्या जवळची मानेन. कंपन कसे निर्माण होते आणि कसे पसरते, हे भौतिकशास्त्र सांगतेच. पण एखाद्या कंपनाचा कुठेतरी ठसा उमटला आहे, मूळ आवाज केव्हाच विरून गेला आहे आणि उरलेल्या ठशावरून काय घडले ते मला वाचायचे आहे, हा प्रश्न निराळा आहे. उच्चारशास्त्राचा अभ्यासक म्हणून बोलण्याचे आलेख मी रोज वाचतो, त्यामुळे या कल्पनेविषयी मला विशेष आस्था आहे.

अशा वाचनाचे स्वप्न पाहणारा माणूस खरोखरच होऊन गेला. पॅरिसमधील मुद्रण व्यवसायातले एदुआर-लेओं स्कॉट द मार्तिन्व्हिल यांनी १८५७ मध्ये 'फोनोटोग्राफ' या यंत्राचे पेटंट घेतले. आवाजाने पडदा थरथरत असे आणि त्याला जोडलेला राठ केस काजळी धरलेल्या कागदावर नागमोडी रेघ ओढत असे. नोंदवलेला आवाज पुन्हा ऐकवणारा एडिसनचा फोनोग्राफ त्यानंतर २० वर्षांनी आला. तसे ऐकवणे हा स्कॉट यांचा हेतूच नव्हता. लघुलिपी वाचावी तशी ती रेघ डोळ्यांनी वाचता यावी, अशी त्यांची अपेक्षा होती. ९ एप्रिल १८६० रोजी त्यांनी एका फ्रेंच गीताचा तुकडा नोंदवला. २००८ मध्ये अमेरिकेतील संशोधकांनी त्या रेघेचे संगणकाच्या साहाय्याने पुन्हा आवाजात रूपांतर केले, तेव्हा गाणारी व्यक्ती स्त्री किंवा लहान मूल असावे असे वाटले. पुढे चूक ध्यानात आली. काळाच्या मापासाठी गीताच्या रेघेशेजारी नादकाट्याचीही (ठरावीक गतीने कंप पावणाऱ्या धातूच्या दुबेळक्याचीही) रेघ उमटवलेली होती आणि तो नादकाटा सेकंदाला ५०० कंपनांचा होता. परंतु त्या काळच्या फ्रेंच पद्धतीत जाणे हे एक कंपन आणि येणे हे दुसरे धरत असत, म्हणजे आजच्या मापाने ते २५० हर्ट्झच, सेकंदाला २५० पूर्ण कंपनेच, भरतात. वेग निम्मा केल्यावर संथपणे गाणाऱ्या पुरुषाचा आवाज ऐकू आला, आणि तो बहुधा स्वतः स्कॉट यांचाच असावा.

कागदावरची रेघ दोन्ही वेळा तीच होती. म्हणूनच या शास्त्राची सुरुवात 'आवाज काय सांगतो' येथून होऊ नये. नोंद कशाने झाली, कोणत्या गतीने झाली आणि मोजणाऱ्याने कोणते माप धरले, हे आधी ठरवावे लागेल.

दुसरा अडथळा आपल्या कानांच्या सवयीचा आहे. 'पाटी' आणि 'पाठी' हे शब्द उच्चारून त्यांचे स्पेक्ट्रोग्राम, म्हणजे आवाजातील वारंवारता काळानुसार दाखवणारे आलेख, शेजारी ठेवले, तर दोहोंतही 'पा'नंतर एक कोरी पट्टी दिसते. जीभ टाळूला टेकलेली असते आणि त्या क्षणी हवा बाहेर पडत नाही, ती ही पट्टी. त्यानंतर जीभ सुटल्याची बारीक उभी रेघ येते. 'पाटी'त तिच्या मागोमाग 'ई' सुरू होते. 'पाठी'त मात्र मध्ये श्वासाचे धूसर धुके पसरलेले दिसते, आणि 'ठ'चे महाप्राणत्व म्हणजे तेच धुके. नवशिका वाचक कोऱ्या पट्टीला दोन शब्दांमधली मोकळी जागा समजतो, पण सलग बोलण्यात शब्दांमध्ये बहुधा जागा नसतेच. शांतता असते ती शब्दाच्या पोटात. लिहिलेल्या मजकुराची सवय झालेल्या डोळ्यांना हे पटायला बराच काळ लागतो.

अर्थ लावण्याची घाई किती महागात पडते, याचेही उदाहरण आहे. बोटांच्या ठशांप्रमाणे आवाजाच्या आलेखावरूनही माणूस निश्चित ओळखता येतो, असा दावा अमेरिकेत १९६२ मध्ये मांडला गेला आणि असे पुरावे न्यायालयांपर्यंत पोहोचले. १९७९ मध्ये तेथील तज्ज्ञ समितीने या वापराबाबत मोठ्या सावधगिरीचा इशारा दिला. बोटाचा ठसा सहसा बदलत नाही. आवाज मात्र सर्दीने, भीतीने, नुसत्या घाईनेही बदलतो. माझ्या मते या विद्येत 'सांगता येत नाही' हे उत्तरही पूर्ण गुणांचे मानले पाहिजे.

माणसाच्या कानाला ऐकू न येणारी कंपनेही तिच्या कक्षेत येतील. १८८३ मध्ये क्राकाटोआ ज्वालामुखीचा स्फोट झाला, तेव्हा त्याची दाबलहर जगभरच्या वायुभारमापकांवर उमटली आणि तिने पृथ्वीला अनेक प्रदक्षिणा घातल्या.

अभ्यासक्रम माझ्या हाती असता, तर पहिल्या वर्षी मी विद्यार्थ्यांना रिकाम्या खोलीचे ध्वनिमुद्रण वाचायला दिले असते. वरवर पाहता त्यात काहीच नसते. पण विजेच्या तारांमधून आलेली ५० हर्ट्झची, काही देशांत ६० हर्ट्झची, मंद गुणगुण त्यात बऱ्याचदा सापडते. वीजपुरवठ्यावरील भार बदलतो तशी ही वारंवारता किंचित खालीवर होते, आणि त्या चढउताराची वीजजाळ्याच्या नोंदींशी तुलना केली, तर ते मुद्रण कोणत्या दिवशी, कोणत्या वेळी झाले हेही सांगता येऊ शकते. न्यायवैद्यक तपासात ही पद्धत आज वापरली जाते.