पानोपानी : वाचकांचे प्रश्न, वनस्पतींची उत्तरं

या खेपेच्या पत्रांत समुद्र फार आहे. मागच्या अंकात शेवाळांवर जेमतेम दोन परिच्छेद लिहिले, तर प्रश्नांचा ढीग लागला. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. परीक्षेपुरती उत्तरं हवी असलेल्यांना आधीच सांगते, 'कोणतेही पाच मुद्दे लिहा' छापाचं इथे काही मिळणार नाही.

प्रश्न : वादळानंतर किनाऱ्यावर केल्प जातीचं लांबलचक शेवाळ पडलेलं पाहिलं. बुडाशी मुळांचा असावा तसा गुंता होता आणि त्यात चक्क एक दगड अडकला होता. मी जन्मभर पुलांची कामं केली. लाटांत उभं राहायचं तर खांब जाड आणि ताठ हवा. याचा देठ बोटाएवढाही जाड नव्हता आणि वाकवू तसा वाकत होता. हे टिकतं कसं?

दगड तुमच्या नजरेतून सुटला नाही हे फार छान. अर्धं उत्तर त्यातच आहे. तो गुंता म्हणजे होल्डफास्ट. जमिनीवरच्या झाडाची मुळं पाणी आणि क्षार ओढून वर पाठवतात. होल्डफास्ट त्यातलं काही करत नाही. त्याच्या शाखा खडकाच्या खाचाखोचांत शिरतात, तिथे चिकटून बसतात, आणि धरून ठेवणं एवढंच त्यांचं काम. ते त्या इतकं चोख करतात की पुष्कळदा पकड सुटत नाही, खडकाचा कपचाच सुटतो. धोंडा लहान असेल तर वाढलेलं शेवाळ त्याच्यासकट उचललं जातं. तुम्हाला सापडलं ते बहुधा असंच.

आता ताठपणाचं. झाडाला लाकूड लागतं दोन कारणांनी : स्वतःचं वजन पेलायला आणि पाणी शेंड्यापर्यंत चढवायला. शेवाळाला दोन्ही अडचणी नाहीत. वजन पाणी पेलतं, वर हवेचे फुगे असतात ते पात्यांना उजेडाकडे उचलून धरतात. क्षार आणि पाणी चारही बाजूंनी आहेच, ते अंगभर शोषलं जातं. मग नळ्या कशाला? पण मोठ्या केल्पमध्ये एका जातीच्या नळ्या सापडतातच! पाण्याच्या नव्हे, अन्नाच्या. वरच्या पात्यांना ऊन मिळतं आणि बुडाशी अंधार असतो, म्हणून पात्यांत तयार झालेलं अन्न खाली पोचवावं लागतं. टंचाई जिथे, यंत्रणा तिथे. पाण्याची टंचाई नाही, म्हणून त्याची वाहिनी नाही. खोलात उजेडाची टंचाई आहे, म्हणून अन्नाची आहे. कुठल्याही वनस्पतीकडे पाहताना मी आधी विचारते की इथे कमी काय आहे. 'हा अवयव कशासाठी?' हा प्रश्न त्यानंतरचा.

तुमच्या खांबाकडे येते. पाणी हवेच्या सुमारे ८०० पट घन असतं. त्याच वेगाचा वारा आणि त्याच वेगाचा प्रवाह यांचा मार अजिबात सारखा नसतो. ताठ खांब प्रवाहाला आडवा येऊन तो सगळा मार अंगावर घेतो. नेरिओसिस्टिस नावाचं केल्प लाटेबरोबर वाहत जातं. देठ इतका लांब असतो की तो पुरता ताणला जाईपर्यंत बऱ्याचदा लाटच माघारी फिरलेली असते. आणि समजा ताणला गेलाच, तर तुटण्याआधी तो मूळ लांबीच्या एक तृतीयांशाहून जास्त लांबू शकतो. तुमच्या पोलादाला हे जमायचं नाही. पेशींच्या भिंतींत सेल्युलोज थोडं आणि अल्जिनेट नावाचं जेलीसारखं द्रव्य बरंच, त्यातून हा लवचिकपणा येतो. (याच शेवाळाच्या फुग्यातल्या वायूत कार्बन मोनॉक्साइडही असतो. प्रश्नाशी याचा संबंध नाही, पण राहवलं नाही.)

ताठ शेवाळं नसतातच असं मात्र नाही. कॅलिआर्थ्रॉन हे लाल शेवाळ पेशींच्या भिंतींत चुना साठवतं आणि दगडासारखं कडक होतं. लाटांच्या माऱ्यात राहूनही ते मोडत नाही, कारण दोन कडक तुकड्यांच्या मध्ये चुना नसलेला लवचिक सांधा असतो. पुलाच्या दोन गाळ्यांमध्ये तुम्ही फट ठेवता, तीच युक्ती.

आणि 'टिकतं' म्हणजे किती, तेही बघा. नेरिओसिस्टिसचं आयुष्य साधारण एका वर्षाचं. वादळात पुष्कळ उखडली जातात. तोवर बीजाणूंचे पट्टे पात्यांवरून सुटून खाली तळाशी गेले असले की झालं. शंभर वर्षं टिकणारा पूल बांधायची त्याला गरजच नाही.

प्रश्न : मॅडम, मी अकरावीत आहे. प्रॅक्टिकलला कण्हेरीच्या पानाचा आडवा छेद घेतला. पर्णरंध्रं खालच्या बाजूला असतात असं वाचलं होतं, पण तिथे मला फक्त केसाळ खड्डे दिसले. छेद चुकला का?

छेद उत्तम जमलाय. ते खड्डे हेच उत्तर. छेद परत मायक्रोस्कोपखाली घे आणि वरून खाली ये. सगळ्यात वर जाड, चकचकीत क्युटिकल, म्हणजे पानावरचं मेणचट आवरण. त्याखाली बाह्यत्वचा, तीही एका थराची नाही; रंगहीन पेशींचे एकाखाली एक थर आहेत. मग उभ्या, हिरव्या, दाटीवाटीच्या पेशी. मग मोकळ्या जागा असलेला विरळ भाग. आणि खालच्या बाजूला आत वळलेले खड्डे, त्यांच्या भिंतींतून आत आलेले केस. पर्णरंध्रं त्या खड्ड्यांच्या आतल्या भिंतीवर, केसांच्या आडोशाला असतात. मोठं भिंग लाव आणि खड्ड्याच्या तळाशी फोकस हळूहळू फिरव. सापडतील. नाही सापडली तर छेद जाड आहे. नवं ब्लेड घे, आणि पातळ निघेल तेवढाच तुकडा ठेव, अख्खं पान मिळालंच पाहिजे हा हट्ट सोड. काम झालं की हात साबणाने धू. कण्हेर मुळापासून फुलापर्यंत विषारी आहे.

तुझ्या पुस्तकात लिहिलं असेल की खड्ड्यातली हवा दमट राहते, वारा तिथे पोचत नाही, म्हणून पाणी कमी उडतं. हे कारण खोटं नाही, पण पुरतं नाही असं मला वाटतं. ऑस्ट्रेलियातल्या बँक्सिया या झुडपांच्या पानांतही असे खड्डे असतात. त्यांवर २००९ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात वेगळा विचार मांडलाय : पान जाड झालं की खालच्या रंध्रांतून आलेल्या कार्बन डायऑक्साइडला वरच्या हिरव्या पेशींपर्यंत जायला लांबचा पल्ला पडतो. खड्डा आत घुसल्यामुळे तो पल्ला कमी होतो. म्हणजे खड्डा जितका पाणी राखायला, तितकाच वायू आत न्यायला. परीक्षेत पुस्तकातलं लिही, मार्क जातील नाहीतर. डोक्यात मात्र दोन्ही ठेव.

प्रश्न : एकाच तळ्यात कमळ आणि हायड्रिला. कमळाच्या पानावर पाणी ठरत नाही आणि रंध्रं वरच्या बाजूला. हायड्रिलाला रंध्रंच नाहीत. असं का?

कारण तळं एक असलं तरी जागा दोन आहेत. हायड्रिलाचं पान सगळं पाण्याखाली. ते फक्त दोन पेशींच्या जाडीचं असतं, म्हणून वायू आणि क्षार थेट आत शिरतात, दारं ठेवण्याची गरज नाही. वर मेणाचा जाड थर नाही, आत टेकू देणाऱ्या ऊती नावापुरत्याच. बाहेर काढलं की लगेच लोळागोळा होऊन सुकतं. कमळाचं पान हवेत आहे. त्याच्यावर मेणाचे बारीक कण आणि सूक्ष्म उंचवटे असतात, त्यांवर थेंब टेकतो पण पसरत नाही, गडगडताना धूळही घेऊन जातो. रंध्रं वरच, कारण हवा वर.

कमळाची खरी पंचाईत खाली आहे. कांदा चिखलात, आणि त्या चिखलात ऑक्सिजन जवळजवळ नसतो. पानाचा देठ आडवा मोडून पाहा, नुसत्या डोळ्यांना भोकं दिसतात. त्या हवेच्या वाटा थेट खालपर्यंत गेलेल्या असतात. नुफार या पिवळ्या वॉटरलिलीत तर हवा आपोआप वाहते, हे १९८० साली दाखवलं गेलं : कोवळी पानं उन्हात तापली की त्यांच्यातली हवा दाबाने देठातून खाली कांद्यात जाते आणि जुन्या, झिरपू लागलेल्या पानांतून वर बाहेर पडते. हललं तर काहीच नाही, आणि आत वारा सुटलेला.

प्रश्न : तिवरांच्या आसपास चिखलातून पेन्सिली रोवल्यागत वर आलेलं असतं, ते काय?

श्वसनमुळं. गरज कमळाचीच, चिखलात हवा नाही ही. मार्ग वेगळा. मुळं जमिनीत आडवी पसरतात आणि त्यांच्या शाखा उलट्या, वर हवेत येतात. त्यांवर बारीक छिद्रं असतात. भरतीत ती बुडली की आतला ऑक्सिजन वापरला जातो आणि दाब उतरतो. ओहोटीला छिद्रं उघडी पडली की हवा आपसूक आत ओढली जाते. खारफुटीच्याच ऱ्हायझोफोरा या झाडाच्या टेकूमुळांची छिद्रं संशोधकांनी १९५०च्या दशकात ग्रीस लावून बुजवली, तेव्हा चिखलातल्या मुळांतला ऑक्सिजन पार घटला. म्हणून त्या पेन्सिलींवर भराव टाकला की झाड गुदमरतं, बुंध्याला हातही न लावता.

प्रश्न : मुलाच्या पुस्तकात आहे, 'पाणी वाचवण्यासाठी निवडुंगाने पानांचे काटे केले.' केले म्हणजे? निवडुंग ठरवतो?

नाही. आणि पुस्तकांनी हे वाक्य आता सोडावं. निवडुंगाचे काटे म्हणजे पानंच, पण त्यांत अन्न बनत नाही. ते काम हिरवं खोड करतं. पण आज एखाद्या निवडुंगाला तुम्ही भरपूर पाणी घातलंत तर तो पुढच्या महिन्यात रुंद पानं काढणार नाही. निवडुंगाच्या पूर्वजांमध्ये ज्यांची पानं लहान होती त्यांची संतती कोरड्या जागी जास्त उरली, असं पिढ्यानपिढ्या चालून हे घडलं. निर्णय कोणाचाच नाही.

पण थांबा, याहून वेगळा प्रकारही आहे आणि तो लोक फार विसरतात. पुन्हा नेरिओसिस्टिस. जोराच्या प्रवाहात त्याची पाती अरुंद आणि सपाट असतात, संथ पाण्यात रुंद आणि कडेला झालरी असलेली. वाटेल की दोन जाती आहेत. पण २००८ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत संथ पाण्यातलं शेवाळ जोराच्या प्रवाहात हलवलं, तेव्हा त्याच पात्याचा नवा वाढलेला भाग सपाट निघाला. जात तीच, झाड तेच, आयुष्यही तेच!

कसं होतं ते समजून घेण्याजोगं आहे. संथ पाण्यात पात्याची कड मधल्या पट्ट्यापेक्षा जास्त लांब वाढते. त्या जादा लांबीला सपाट राहून मावायला जागा नसते, म्हणून ती वर-खाली लहरते. झालर तयार होते ती अशी. प्रवाहाने पातं सतत ओढलं जात असलं की कड आणि मध्य बरोबरीने वाढतात आणि पातं सपाट राहतं. शुगर केल्पच्या पात्यांना नुसताच लांबीच्या दिशेने ताण देऊन पाहिलं, तरी ती अरुंद वाढली.

फायदाही दोन्हीकडे आहे, फुकट मात्र काही नाही. झालरीची पाती फडफडत सुटी राहतात, म्हणून सगळ्यांना ऊन मिळतं. पण पाण्याची ओढ जास्त बसते. सपाट पाती प्रवाहात एकमेकांवर मिटून जुडीसारखी होतात, ओढ कमी बसते. पण एकमेकांवर सावली पडते. जिथे तुटण्याची भीती मोठी तिथे सावली परवडते. मुलाला सांगा, निवडुंगाचा काटा वंशाने आणलेला आहे आणि केल्पची झालर त्या-त्या जागेच्या पाण्याने. दोन्हीला पुस्तक 'अनुकूलन' म्हणून मोकळं होतं.

प्रश्न : समुद्रात बुडालेलं हिरवं गवत दिसतं, ते शेवाळच ना?

बहुतेक वेळा नाही. झोस्टेरा, हॅलोफिला ही सागरी गवतं खऱ्या फुलझाडांपैकी, जमिनीवरून समुद्रात परतलेल्या वंशातली. खरी मुळं, खऱ्या वाहिन्या, पाण्याखाली फुलं. झोस्टेराचे परागकण दोऱ्यासारखे लांब असतात, पाण्यात तरंगत जाऊन अडकायला सोयीचे. २०१६ साली झोस्टेराचा जनुकसंच वाचला गेला, तेव्हा पर्णरंध्रं घडवणारी जनुकं गेलेली आढळली. आणि त्याच्या पेशीभिंतींत सल्फेट जोडलेल्या शर्करा सापडल्या, ज्या एरवी समुद्री शेवाळांत असतात. शेजार बदलला की भिंतीही बदलतात.

ओळखायचं असेल तर उपटू नका, वाळू हलकेच बाजूला करा. वाळूत आडवं खोड, त्यावर पेरं आणि पेऱ्यांशी मुळं दिसली तर गवत. दगडाला चिकटलेली नुसती पकड असेल तर शेवाळ. फसवतं ते कॉलेर्पा : तेही वाळूत आडवं सरकतं, पानं-मुळं असल्याचा आव आणतं, ती 'मुळं' वाळूतले क्षारही घेतात. पण त्याचं पातं उजेडात धरलं तर आत एकही शीर दिसत नाही. असणार कशी, अनेक केंद्रकं असलेली ती सगळी मिळून एकच पेशी असते.