टोपणनावाचा चेक

तुमची पोस्ट वाचली आणि काही वर्षांपूर्वीचा मीच दिसलो. सांगलीत राहून ४० मिनिटांची फिल्म केलीत, टोपणनावानं केलीत, घरी-ऑफिसात कुणाला पत्ता नाही, आणि आता महोत्सवाचा फॉर्म नाव, पॅन, खातं मागतोय. तिथंही टोपणनावच टाकू का, असं विचारलंय. नका टाकू.

मी टाकलं होतं. बक्षीस लागलं, २५,००० चा अकाउंट पेयी चेक (ज्याचं नाव त्याच्याच खात्यात जमा होणारा) आला, टोपणनावाचा. काउंटरवरच्या बाईंनी तो उलटसुलट पाहिला, नावावर पेनचं टोक टेकवलं आणि विचारलं, "यात आडनाव कुठंय?" त्यांचं काही चुकलं नाही, खात्यावर नाव वेगळं होतं. त्याच दिवशी आयोजकांना कळवून चेक बदलून घ्यायला हवा होता. पण खरं नाव त्यांना कळू द्यायचं नाही, हा माझा हट्ट. सगळी माती तिथंच झाली.

मग मी एका कार्यालयात गेलो (कुठलं ते विचारू नका), दोन्ही नावं एकाच माणसाची असा दाखला मागायला. तिथं एकच पालुपद: गॅझेट करा, म्हणजे सरकारी राजपत्रात नावबदल छापून घ्या. अहो, नाव बदलायचंच नाहीये मला! गॅझेटात जुनं आणि नवं नाव शेजारी शेजारी छापतात, म्हणजे जे लपवायचं तेच माझ्या पैशानं जाहीर. साहेब कधी दौऱ्यावर, कधी जेवायला. चौथ्या खेपेला कळलं की असा दाखला ते देतच नाहीत. हे पहिल्या दिवशी सांगायला काय जात होतं? चेक तीन महिनेच चालतो, हे तोवर डोक्यातून गेलं होतं. आयोजकांचंही आर्थिक वर्ष संपलेलं. पैसे गेले ते गेलेच.

माझं मत (मी वकील नाही, कागद वकिलाला दाखवाच): टोपणनाव पडद्यावर आणि पोस्टरवर. करार, बिलं, पॅन, खातं खऱ्या नावानं. आयोजकांपैकी एकालाच खरं नाव सांगा आणि ते बाहेर जाणार नाही असं मेलवर घ्या. 'अमुक नावानं फिल्म करणारा मीच' असं प्रतिज्ञापत्र नोटरीकडून करून घरात ठेवा. आणि निर्माता म्हणून मित्राचं नाव उगाच टाकू नका. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात फिल्मचा कर्ता निर्माता धरलाय, दिग्दर्शक नाही. उद्या दोस्ती तुटली की बसाल बोंबलत.

टोपणनाव म्हणजे लबाडी, असं कुणी म्हणालं तर गोविंदाग्रज, कुसुमाग्रजांची आठवण करून द्या. फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर, हेही टोपणनावच होतं. फोटो मागितला की गडी मांजराचा फोटो द्यायचा. त्याला पॅरिसमध्ये जमलं. आपल्याला सांगलीच्या मारुती चौकात चहा प्यायचाय, तेव्हा चार जणांना कळणारच हे धरून चला.

हार्ड डिस्कची एक प्रत वरच्या मजल्यावर ठेवा, २०१९ चा महापूर पाहिलेल्या माणसाला जास्त सांगत नाही. आणि प्रेस किटची (पत्रकारांना द्यायच्या फिल्मच्या माहितीची) पीडीएफ पाठवण्याआधी तिच्या प्रॉपर्टीज उघडून बघा. माझ्या पीडीएफमध्ये 'ऑथर'च्या रकान्यात लॅपटॉपवरचं खरं नाव गेलं होतं. आडनावासकट.